नोकरी मिळाली आणि केसांपायी गेली: चॅस्टिटी जोन्सचं प्रकरण

12 मे 2010. अमेरिकेच्या अलाबामा राज्यातलं मोबील हे बंदराचं शहर. तिथल्या कॅटॅस्ट्रोफी मॅनेजमेंट सोल्यूशन्स नावाच्या कंपनीत चॅस्टिटी जोन्स ही कृष्णवर्णीय बाई इंटरव्ह्यूला गेली. ही कंपनी इन्शुरन्स कंपन्यांसाठी कस्टमर सर्व्हिसचं काम करायची आणि त्यांना फोन घेणारी माणसं हवी होती, अट काय तर कॉम्प्युटर जुजबी यायला हवा आणि फोनवर नीट बोलता यायला हवं. चॅस्टिटीने ऑनलाइन अर्ज केला होता, त्यातून निवड होऊन तिला बोलावलं होतं. अंगात निळा बिझनेस सूट, पायात काळे पंप शूज, आणि केस छोट्या ड्रेडलॉक्समध्ये, म्हणजे वळून पक्क्या झालेल्या बटांमध्ये. तिचा इंटरव्ह्यू झाला, त्यानंतर तिला आणि निवडलेल्या बाकीच्यांना एका खोलीत बसवून एचआर मॅनेजरने सांगितलं की तुम्हाला घेतलंय, आता मेडिकलच्या लॅब टेस्ट आणि कागदपत्रं तेवढी पूर्ण करा. इथपर्यंत तिच्या केसांबद्दल कोणी चकार शब्द काढलेला नव्हता.

मग काय झालं, तर टेस्टची तारीख चॅस्टिटीला जमत नव्हती म्हणून ती मॅनेजरला एकटी भेटली. मॅनेजर गोऱ्या होत्या. तारखेचं लगेच मिटलं, ठीक आहे, दुसऱ्या वेळी या म्हणाल्या. चॅस्टिटी उठणार तेवढ्यात त्यांनी विचारलं, तुमचे केस ड्रेडलॉक्समध्ये आहेत का? ती हो म्हणाली. त्यावर उत्तर आलं की ड्रेडलॉक्स असतील तर आम्ही तुम्हाला घेऊ शकत नाही. का, काय अडचण आहे, असं तिने विचारल्यावर मॅनेजर म्हणाल्या की ते अस्ताव्यस्त होतात, म्हणजे तुमचे तसे आहेत असं मी म्हणत नाहीये, पण मला काय म्हणायचंय ते तुम्हाला कळतंय. मग एका पुरुष उमेदवाराचं उदाहरण दिलं की त्यालाही नोकरीसाठी ड्रेडलॉक्स कापायला सांगितले होते. चॅस्टिटी म्हणाली मी कापणार नाही. मॅनेजरने कागदपत्रं परत मागितली, तिने ती दिली आणि ती निघून गेली.

घटना एवढीच. काही मिनिटांची, आवाज चढला नाही, कोणी शिवी दिली नाही. पण पुढची आठ वर्षं ही घटना आधी तक्रारीत आणि मग अमेरिकेच्या कोर्टांमधून फिरत राहिली, आणि कृष्णवर्णीय बायकांच्या दिसण्यावर जी मापं लावली जातात ती नोकरीच्या नियमात कशी जाऊन बसतात हे समजून घ्यायला मला तरी याच्याइतकं स्वच्छ दुसरं प्रकरण माहीत नाही. म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

आधी एक गोष्ट स्पष्ट करायला हवी कारण मराठी वाचकाच्या मनात लगेच दुसरंच चित्र उभं राहणार. आपल्याकडे जट म्हटलं की केसांची निगा न राखल्यामुळे झालेला गुंता, मग त्याला देवीचं बोलावणं मानणं, बाईला तो कापू न देणं, आणि त्या जाचातून तिला सोडवायला अंनिसचे कार्यकर्ते करत असलेलं जटनिर्मूलन, हे सगळं आठवतं. ड्रेडलॉक्स, किंवा ज्या बायका ते ठेवतात त्यांच्यातल्या अनेकींच्या तोंडचं साधं नाव लॉक्स, यांचं तसं नाही. आफ्रिकन वंशाच्या लोकांचे केस बरेचदा घट्ट कुरळे असतात, एकेक केस स्प्रिंगसारखा, त्यामुळे तो शेजारच्या केसात आपोआप गुंतून वळतो. असे केस न विंचरता वाढू दिले किंवा हाताने वळून बटा केल्या की लॉक्स तयार होतात. ते धुतात, तेल लावतात, मुळाशी नव्याने उगवलेले केस ठरावीक दिवसांनी परत वळून घेतात, त्यासाठी वेगळे सलून आणि वेगळे कारागीर असतात. म्हणजे हा निगा राखण्याचाच एक प्रकार आहे. आणि एकदा ते पक्के झाले की सोडवणं फार किचकट असतं, बहुतेक वेळा कापणं हाच मार्ग उरतो, त्यामुळे कापा म्हणणं म्हणजे काही वर्षांची वाढ टाकून द्या म्हणणं आहे.

आता कंपनीचा नियम बघा. त्यात लिहिलं होतं की सगळ्या कर्मचाऱ्यांचा पेहराव आणि राहणी प्रोफेशनल आणि बिझनेसला शोभेल अशी असावी, केशरचना प्रोफेशनल वाटावी, अतिरेकी केशरचना किंवा विचित्र रंग चालणार नाहीत. ड्रेडलॉक्स हा शब्द त्यात कुठेच नाही. कृष्णवर्णीय हा शब्द तर नाहीच नाही. म्हणजे अतिरेकी काय ते ठरवणार कोण, तर समोर बसलेली व्यक्ती, तिच्या डोळ्यांना जे सवयीचं ते प्रोफेशनल आणि जे सवयीचं नाही ते अतिरेकी. आणि कामाचं स्वरूप काय होतं? या लोकांचा बाहेरच्या कोणाशी समोरासमोर संबंधच येत नव्हता, एका मोठ्या हॉलमध्ये बसून फोन घ्यायचे. फोनच्या पलीकडच्या माणसाला तिचे केस दिसणार नव्हते. तरीही अडलं ते केसांवर, म्हणून हा मुद्दा ग्राहकाला काय वाटेल याचा कधी नव्हताच असं मला ठामपणे वाटतं.

हे मोबीलमध्ये घडलं याचंही एक वजन आहे. 1860 मध्ये क्लोटिल्डा नावाचं जहाज सुमारे 110 आफ्रिकन माणसांना गुलाम करून चोरून याच मोबीलच्या खाडीत घेऊन आलं, बाहेरून गुलाम आणण्यावर तेव्हा बंदी येऊन पन्नासेक वर्षं झाली होती. अमेरिकेत गुलामांना घेऊन आलेलं हे शेवटचं ज्ञात जहाज. सुटका झाल्यावर त्यातल्या काही लोकांनी शहराच्या उत्तरेला आफ्रिकाटाउन वसवलं, ते आजही आहे. आणि मोबीलहून गाडीने दोन-अडीच तासांवर न्यू ऑर्लिन्स, जिथे 1786 मध्ये स्पॅनिश गव्हर्नर एस्तेबान मिरो याने हुकूम काढला होता की स्वतंत्र कृष्णवर्णीय बायकांनी केसात पिसं-दागिने घालायचे नाहीत, केस कापडाने बांधून ठेवायचे. त्यांच्या केसांच्या सजावटीकडे लोकांचं लक्ष जातंय आणि त्या गोऱ्या बायकांच्या बरोबरीच्या दिसतायत हे खुपत होतं. त्या बायकांनी मग रंगीत भारी कापडं आणून असे फेटे बांधले की तीच फॅशन झाली. पण मुद्दा हा की या भागात कृष्णवर्णीय बाईच्या केसांवर वरून नियम येणं हे नवीन नाही, सव्वादोनशे वर्षांत हुकमाच्या जागी पॉलिसी आली इतकंच.

चॅस्टिटीची तक्रार इइओसीकडे गेली. ही अमेरिकन सरकारची संस्था, नोकरीत भेदभाव झाला तर ती चौकशी करते आणि गरज पडली तर स्वतः कोर्टात जाते. सप्टेंबर 2013 मध्ये इइओसीने कंपनीविरुद्ध केस टाकली, आधार 1964 च्या नागरी हक्क कायद्याचं सातवं प्रकरण, ज्यात वंश, रंग, धर्म, लिंग, मूळ देश यांवरून नोकरीत भेदभाव करायला बंदी आहे. मार्च 2014 मध्ये जिल्हा कोर्टाने ती सुरुवातीलाच फेटाळली, म्हणजे साक्षी-पुरावे काही झालेच नाहीत, तक्रारीत लिहिलंय ते सगळं खरं मानलं तरी कायद्याने यात भेदभाव बसत नाही असं सांगितलं. इइओसीने सुधारित तक्रार द्यायची परवानगी मागितली तर तीही नाकारली, त्याने काही फरक पडणार नाही म्हणून. 15 सप्टेंबर 2016 ला अकराव्या सर्किटच्या, म्हणजे अलाबामा ज्यात येतं त्या विभागाच्या, अपील कोर्टाने तेच कायम केलं, निकाल लिहिला न्यायमूर्ती अडाल्बर्टो जॉर्डन यांनी.

त्यांचं म्हणणं थोडक्यात असं की कायदा संरक्षण देतो ते माणसाच्या न बदलता येणाऱ्या गोष्टींना. केसांचा पोत जन्मजात, तो बदलता येत नाही, म्हणून त्यावरून नाकारलं तर तो भेदभाव. पण केशरचना ही निवड, ती बदलता येते, ती एखाद्या वंशाच्या संस्कृतीशी कितीही जोडलेली असली तरी. म्हणजे अ‍ॅफ्रो, जो केस नुसते वाढू दिले की होतो, तो सुरक्षित, आणि त्याच केसांच्या बटा वळल्या की संरक्षण संपलं. ही रेष आखणं कधी कधी अवघड जातं हे कोर्टाने स्वतःच मान्य केलं, पण आधीच्या कोर्टांनी ती आखलेली आहे आणि आम्ही तीच पाळणार असं म्हटलं.

ही रेष आली कुठून ते बघण्यासारखं आहे. 1975 मध्ये याच दक्षिण भागातल्या एका अपील कोर्टासमोर लांब केस ठेवणाऱ्या एका पुरुषाची केस आली होती, जॉर्जियातल्या मेकन शहराच्या वर्तमानपत्राने त्याला केसांवरून नोकरी नाकारली होती, तेव्हा कोर्टाने म्हटलं केसांची लांबी ही निवड आहे, यात लिंगभेद नाही. पुरुषाच्या लांब केसांसाठी ठरवलेलं ते तत्त्व पुढे कृष्णवर्णीय बाईच्या केसांना लावलं गेलं. 1976 मध्ये मात्र सातव्या सर्किटने, जेन्किन्स नावाच्या कृष्णवर्णीय बाईच्या प्रकरणात, अ‍ॅफ्रोवरून बढती नाकारणं हा वांशिक भेदभाव ठरू शकतो असं मानलं होतं, तिला साहेबाने सांगितलं होतं की अ‍ॅफ्रो ठेवून तू कंपनीचं प्रतिनिधित्व करू शकणार नाहीस.

आणि मग 1981 चं न्यूयॉर्कचं रॉजर्स प्रकरण, ज्याच्यावर अजून वाद घातले जातात. रेनी रॉजर्स अमेरिकन एअरलाइन्समध्ये अकरा वर्षं काम करत होती, विमानतळावर प्रवाशांशी सतत संबंध येणारं काम. तिने केसांच्या बारीक वेण्या टाळूला लागून घातल्या, कॉर्नरोज म्हणतात त्यांना, आणि कंपनीच्या नियमात सगळ्याच वेण्या घातलेले केस चालत नव्हते. तिने सांगितलं की ही केशरचना कृष्णवर्णीय बायकांच्या इतिहासाचा, संस्कृतीचा भाग आहे. कोर्टाने म्हटलं की अ‍ॅफ्रो नैसर्गिक, वेण्या कृत्रिम. वर हेही नोंदवलं की एका गोऱ्या नटीने सिनेमात अशा वेण्या घातल्या आणि त्या लोकप्रिय झाल्या, त्यानंतर लवकरच रॉजर्सने त्या घालायला सुरुवात केली. म्हणजे आजी-पणजीपासून चालत आलेली गोष्ट, आणि तिचं श्रेय जणू बो डेरेक या नटीला! कंपनीने तोडगा दिला होता की ड्युटीच्या वेळात केसांचा अंबाडा घाल आणि त्याच्याभोवती खोट्या केसांचा तुकडा गुंडाळ. रॉजर्स म्हणाली ते केलं, त्याने माझं डोकं भयंकर दुखतं. यावर निकालपत्रात उत्तर आहे की मग मोठ्या मापाचा तुकडा घ्यावा. मी हे वाक्य पुन्हा पुन्हा वाचलंय. दुखतंय कोणाला हे दिसत असूनही प्रश्न फक्त मापाचा उरला.

माझ्या मते या सगळ्या निकालांचा पायाच चुकीच्या प्रश्नावर उभा आहे. कोर्ट विचारतं, हे बदलता येतं का? येतं, बरोबर आहे. पण विचारायला हवं होतं की बदलायला काय लागतं, आणि ते कोणाला लागतं. ज्या बाईचे केस मुळात सरळ आहेत तिला प्रोफेशनल दिसायला सकाळी कंगवा पुरतो. घट्ट कुरळे केस असलेल्या बाईला त्याच ठिकाणी पोचायला काय काय करावं लागतं ते बघा. गरम कंगव्याने किंवा फ्लॅट आयर्नने केस सरळ करा, तर ते दमट हवेत आणि पावसात पुन्हा आक्रसतात, आणि मोबील हे अमेरिकेतल्या सगळ्यात जास्त पावसाच्या शहरांपैकी एक. विग किंवा खोटे केस शिवून घेण्याचा पर्याय आहे, त्याला पैसे आणि तासन् तास बसणं आलं, आणि ओढून बांधलेल्या केसांचा मुळांवर वर्षानुवर्षं ताण पडला की कपाळाच्या कडेने केस जायला लागतात, ट्रॅक्शन अ‍ॅलोपेशिया म्हणतात त्याला, आणि तो फार काळ चालला तर त्या जागी केस परत येतच नाहीत.

तिसरा मार्ग रिलॅक्सर. हा क्रीमसारखा असतो आणि जुन्या प्रकारच्या रिलॅक्सरमध्ये मुख्य घटक सोडियम हायड्रॉक्साइड, म्हणजे आपण ज्याला कॉस्टिक सोडा म्हणतो तोच, साबण करायला आणि तुंबलेला पाइप मोकळा करायला वापरतात तो. केसांच्या प्रथिनात गंधकाचे जे बंध असतात, जे केसाला त्याचा आकार देतात, ते हा अल्कली कायमचे तोडतो, मग केस सरळ पडतो. पण केस मुळाशी वाढतच राहतो, कुरळाच वाढतो, म्हणून साधारण दर 6 ते 8 आठवड्यांनी परत लावायचा. टाळूला लागला, जास्त वेळ राहिला तर भाजतं, आणि हे भाजणं कितीतरी मुलींनी अगदी लहान वयात अनुभवलेलं असतं कारण आयाच त्यांना बसवून लावायच्या, पोरीला शाळेत कोणी नावं ठेवू नयेत म्हणून. त्या आयांना दोष द्यावा असं मला अजिबात वाटत नाही, त्यांना जग कसं आहे ते माहीत होतं.

ऑक्टोबर 2022 मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेच्या सिस्टर स्टडी या मोठ्या अभ्यासातून निष्कर्ष आला. 33,497 बायका, जवळपास 11 वर्षं पाठपुरावा, त्या काळात गर्भाशयाच्या कॅन्सरच्या 378 केसेस. केस सरळ करणारी रसायनं कधीच न वापरलेल्या बायकांमध्ये सत्तरीपर्यंत हा कॅन्सर होण्याचं प्रमाण 1.64 टक्के धरलं गेलं, आणि वर्षात चारपेक्षा जास्त वेळा वापरणाऱ्यांमध्ये 4.05 टक्के. आता हा निरीक्षणाचा अभ्यास आहे, रसायनानेच कॅन्सर झाला असं यातून सिद्ध होत नाही, आणि एकूण प्रमाणही कमीच आहे, उगाच घाबरवायचं नाही. पण आदल्या वर्षात अशी रसायनं वापरल्याचं सांगणाऱ्यांपैकी सुमारे 60 टक्के बायका कृष्णवर्णीय होत्या, म्हणजे धोका कितीही असो तो कोणाच्या वाट्याला येतोय हे उघड आहे. त्यानंतर रिलॅक्सर बनवणाऱ्या कंपन्यांवर हजारो दावे दाखल झाले, ते शिकागोच्या फेडरल कोर्टात एकत्र केलेत. 2010 मध्ये चॅस्टिटीला हा अभ्यास माहीत असणं शक्य नव्हतं, तिच्या मॅनेजरलाही नाही. पण निवड, निवड असं आपण म्हणतो तेव्हा पर्यायात काय काय होतं ते समोर असायला हवं.

कंपनीची बाजूही मांडायला हवी. त्यांचं म्हणणं होतं की नियम सगळ्यांना सारखा, वंश कुठलाही असो, आणि ड्रेडलॉक्स काही फक्त कृष्णवर्णीय लोकच ठेवत नाहीत. यात तथ्य नाही असं नाही, गोरे लोकही ठेवतात. शिवाय केस पुराव्यापर्यंत गेलीच नाही, त्यामुळे कंपनीने आणखी कोणाकोणाला असं सांगितलं होतं, गोऱ्या उमेदवारांच्या कुठल्या केशरचनेला कधी हरकत घेतली होती का, हे काहीच तपासलं गेलं नाही. माझी खंत हीच आहे. हरली असती तरी चाललं असतं पण आधी तपासायला हवं होतं. आणि इइओसीनेही एक मोठा रस्ता सोडून दिला असं मला वाटतं. अमेरिकन कायद्यात दोन प्रकारे भेदभाव दाखवता येतो, एक म्हणजे मुद्दाम केलेला, आणि दुसरा म्हणजे दिसायला सारखाच पण एका गटावर जास्त भार टाकणारा नियम. इइओसीने फक्त पहिला प्रकार लढवला. दुसऱ्या प्रकाराने गेले असते तर भार कोणावर, किती, हाच प्रश्न मध्यभागी आला असता. कोर्टानेही निकालात ही गोष्ट ठळकपणे नोंदवली की यांनी तो मुद्दा घेतलेलाच नाही.

अपील कोर्टाच्या सगळ्या न्यायाधीशांनी मिळून फेरविचार करावा ही मागणी 5 डिसेंबर 2017 ला फेटाळली गेली, पण तीन न्यायाधीश विरोधात होते आणि न्यायमूर्ती बेव्हर्ली मार्टिन यांनी लिहिलेलं विरोधी मत वाचण्यासारखं आहे. त्यांनी 1989 चा सर्वोच्च न्यायालयाचा, प्राइस वॉटरहाउस या अकाउंटिंग कंपनीच्या प्रकरणातला निकाल पुढे आणला. त्यात अ‍ॅन हॉपकिन्स नावाच्या बाईला पार्टनर केलं नव्हतं आणि सल्ला दिला होता की जरा बायकी चाल, मेकअप कर, केस नीट सेट करून घे, दागिने घाल. कोर्टाने हा साचेबद्ध कल्पनेवरून झालेला लिंगभेद मानला. आता विचार करा, हॉपकिन्सलाही केस सेट करून घेता आले असते, दागिने घालता आले असते, सगळं बदलता येण्यासारखंच होतं, पण तिथे बदलता येतं का हा प्रश्न आड आला नाही. मग चॅस्टिटीला तोच प्रश्न का? ते अस्ताव्यस्त होतात, तुमचे तसे नाहीत पण, हे वाक्य साचेबद्ध कल्पनेचंच उदाहरण आहे, कारण समोरचे केस नीटनेटके आहेत हे मान्य करून, त्या प्रकारचे केस कसे असतात यावरून तिला नाकारलंय.

इइओसी सर्वोच्च न्यायालयात गेली नाही. मग कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या एनएएसीपी लीगल डिफेन्स फंड या संस्थेने चॅस्टिटीच्या वतीने स्वतः पक्षकार व्हायची परवानगी मागितली, ती 14 मे 2018 ला नाकारली. संपलं. आठ वर्षं आणि दोन दिवस, नोकरी नाही, सुनावणी नाही.

पण बाहेर हवा बदलत होती. मार्च 2014 मध्येच, ज्या महिन्यात जिल्हा कोर्टाने ही केस फेटाळली, अमेरिकन लष्कराने नवे नियम काढले आणि त्यात ट्विस्ट, म्हणजे दोन बटा एकमेकींत पिळून केलेली रचना, आणि ड्रेडलॉक्सवर बंदी घातली, कृष्णवर्णीय महिला सैनिकांनी त्यावर मोठा आवाज उठवला, तेव्हा नियमांचा आढावा घ्यावा लागला आणि जानेवारी 2017 मध्ये लष्कराने स्त्रियांना लॉक्सची परवानगी दिली. म्हणजे जी केशरचना हेल्मेटखाली चालते ती कॉल सेंटरमध्ये चालत नव्हती. 2019 च्या जुलैमध्ये कॅलिफोर्नियाने क्राउन अ‍ॅक्ट केला, सिनेटर हॉली मिचेल यांनी मांडलेला, ज्यात वंशाच्या व्याख्येतच केसांचा पोत आणि वेण्या, लॉक्स, ट्विस्ट अशा केशरचना धरल्या, म्हणजे अकराव्या सर्किटने आखलेली पोत आणि रचना ही रेषच पुसून टाकली. त्याच महिन्यात न्यूयॉर्क, डिसेंबरमध्ये न्यू जर्सी, आणि पुढे वीसहून जास्त राज्यं. देशपातळीवरचं बिल मार्च 2022 मध्ये प्रतिनिधिगृहात 235 विरुद्ध 189 ने पास झालं आणि सिनेटमध्ये अडकलं.

कायदा झाला म्हणजे सगळं झालं असंही नाही. टेक्सासमध्ये सप्टेंबर 2023 पासून हा कायदा आहे, तरी तिथे एका शाळेने डॅरिल जॉर्ज या मुलाला लॉक्सच्या लांबीवरून महिनोन् महिने वर्गाबाहेर ठेवलं आणि फेब्रुवारी 2024 मध्ये तिथल्या कोर्टाने शाळेच्या बाजूने निकाल दिला, कारण कायद्यात रचनेला संरक्षण आहे, लांबीबद्दल काही लिहिलेलं नाही. परत तीच पळवाट, नव्या रूपात.

आणि नियम लिहिलेला नसतानाही नजर काम करतेच. क्रिस्टी झोऊ कोव्हल आणि अ‍ॅश्ले शेल्बी रोझेट या दोन संशोधक बायकांनी 2020 मध्ये यावर अभ्यास प्रसिद्ध केला. लोकांना उमेदवारांची माहिती आणि फोटो दाखवून कोणाला इंटरव्ह्यूला बोलवाल असं विचारलं, तर नैसर्गिक केस ठेवलेल्या कृष्णवर्णीय बायकांना सरळ केस केलेल्या कृष्णवर्णीय बायकांपेक्षा आणि गोऱ्या बायकांपेक्षा कमी प्रोफेशनल, कमी सक्षम मानलं गेलं. कन्सल्टिंगसारख्या जुन्या वळणाच्या क्षेत्रात हे जास्त दिसलं, जाहिरातीसारख्या मोकळ्या क्षेत्रात कमी. म्हणजे केसांवरून थेट कामाच्या कुवतीबद्दल मत बनतं, आणि हे जिला नाकारलं तिला कधी कळतही नाही, तिला फक्त एक ईमेल येतो. चॅस्टिटीला निदान तोंडावर सांगितलं म्हणून हे प्रकरण उभं तरी राहिलं.

त्या खोलीत वेगळं काय होऊ शकलं असतं? मला वाटतं मॅनेजरने एकच गोष्ट करायची होती, या कामासाठी केसांचं नेमकं काय लागतं ते स्वतःला विचारायचं. स्वच्छता लागते, ती होती. कारखान्यात मशीनजवळ काम असेल तर केस बांधलेले लागतात, स्वयंपाकघरात असेल तर जाळी लागते, लॉक्स बांधताही येतात आणि जाळीतही बसतात. फोनच्या कामाला फार तर हेडसेट लागतो. यापुढे जे उरतं, शोभेल असं, अतिरेकी नाही असं, ते कोणाच्या तरी डोळ्याचं माप असतं आणि ते पॉलिसीत ठेवायचं असेल तर कोणाचं माप आहे हे सांगायची तयारी हवी.

अमेरिकेत आपले कितीतरी मराठी लोक टीम लीड आहेत, मॅनेजर आहेत, इंटरव्ह्यू पॅनेलवर बसतात. त्यांना माझी मनापासून विनंती आहे की आपल्या कंपनीची ग्रूमिंग पॉलिसी एकदा काढून वाचा, त्यात नीटनेटके, प्रोफेशनल, अतिरेकी असे मोघम शब्द असतील तर एचआरला लेखी विचारा की याचा अर्थ काय आणि लॉक्स, वेण्या, अ‍ॅफ्रो यात चालतात का. चालतात असं उत्तर आलं तर ते पॉलिसीतच स्पष्ट लिहून घ्या. आणि उमेदवार निवडल्यावर मीटिंगमध्ये जर कोणी म्हणालं की मुलगी चांगली आहे पण क्लायंटसमोर जरा वेगळी वाटेल, तर तिथेच थांबवून विचारा, वेगळी म्हणजे कशी, आणि जे उत्तर येईल ते मिनिट्समध्ये नोंदवा.